दुष्फेन पाणी

पीएच ८.२. अल्कलिनिटी २४०. कठीणपणा ३१०. तापमान १०० फॅरनहाइट. हात: उघडला, सोळा मिनिटांनी.

*

सोडा संपला होता. घरात कोणी ढोकळा केला नव्हता.

*

अंगठा चार बोटांच्या आत. बाहेर नाही, आत. तान्ह्या मुलांची मूठ अशी असते.

*

दुकानदार म्हणाला, "हार्ड वॉटर, माय फ्रेंड," आणि काउंटरवर चार बाटल्या मांडल्या. एक बसलेला क्षार काढायची, एक नवा बसू न देणारी, एक पीएच उतरवायची, एक फेस मारायची.

*

इयत्ता अकरावी, रसायनशास्त्र. ज्या पाण्यात साबणाला फेस येत नाही ते दुष्फेन पाणी. नुसतं उकळून जो दुष्फेनपणा जातो तो तात्पुरता.

*

खोबरेल तेल, अर्धी वाटी, कोमट.

*

"झालं का तुमचं? पाण्यात मी बसायचंय की तुमच्या पट्ट्यांनी?"

*

हे शेवटचं बोलणं अहिल्येचं. टबाच्या कडेला लाकडी बाकावर ती टर्किशचा पांढरा गाऊन घालून बसलेली असायची, चार पायांची काठी गुडघ्याला टेकवून. आणि तिचा नवरा मोरेश्वर खांबेटे चष्मा कपाळावर सरकवून, पाण्यात बुडवलेली कागदाची पट्टी बाटलीवरच्या रंगांशी जुळवत उभा असायचा. हिरवा म्हणावा तर हिरवा, पोपटी म्हणावा तर पोपटी. त्याचं समाधान होईपर्यंत ती कुडकुडायची.

अ‍ॅशबर्नहून पश्चिमेला गाडीने पंधरा मिनिटं गेलं की घरं विरळ होतात आणि नळाचं पाणी संपून बोअरचं सुरू होतं. खांबेट्यांचं घर त्या बाजूला. मोठं अंगण, मागे ओकची झाडं, आणि चुनखडीच्या पोटातून येणारं पाणी. इतकी वर्षं त्या पाण्याने फक्त चहाच्या भांड्याच्या तळाशी पांढरी खपली धरायची, शॉवरची भोकं बुजायची. अहिल्या महिन्यातून एकदा भांड्यात व्हिनेगर उकळायची आणि विषय मिटायचा.

मग २००७च्या मार्चमध्ये तिला स्ट्रोक आला.

ती कम्युनिटी कॉलेजच्या प्रयोगशाळेत होती. पुण्यात बारा वर्षं आणि इथे अकरा वर्षं तिने हेच शिकवलं: डाव्या हाताने ब्युरेटची तोटी धरायची, उजव्या हाताने फ्लास्क हलवत राहायचा. त्या दिवशी उजव्या हातातला फ्लास्क पडला. तो का पडला हे तिला कळेना. मुलं सांगतात, फ्लास्क फुटल्यावरही तिचा डावा हात तोटीवर होता आणि मोकळ्या टेबलावर थेंब पडत होते. एकेक, नीट, शिकवल्यासारखे.

बोलणं दीड महिन्यात परत आलं. पाय काठीवर आला. उजवा हात मात्र कोपरात दुमडून छातीशी राहिला आणि मूठ मिटली ती मिटली. थेरपिस्ट मुलगी म्हणाली, कोमट पाण्यात स्नायू सैल पडतात, बघा प्रयत्न करून. मोरेश्वर त्याच आठवड्यात मागच्या अंगणात ठेवायला हॉट टब घेऊन आला. डेटा सेंटरमध्ये त्याची सकाळची पाळी होती, सहा ते दोन. अडीचला घरी, साडेतीनला पाण्याची तपासणी, चारला अहिल्या पाण्यात. डेटा सेंटरमध्ये तो जशी नोंदवही ठेवायचा तशी एक टबासाठी सुरू केली. शेवटचा रकाना 'हात'. मे, जून, जुलै, ऑगस्ट: नाही, नाही, नाही, नाही.

*

"पट्ट्या फेकून द्या," ती एकदा म्हणाली. "रंगीत कागदावर विश्वास ठेवणारा नवरा आहे हे आधी कळतं तर मी विचार केला असता."

"आता उशीर झाला."

"थेंबांचा संच मिळतो. तो आणा. मी शिकवते."

त्याने आणला. अंगणातल्या टेबलावर तिने त्याच्याकडून छोटी नळी धुऊन घेतली, पाणी खुणेपर्यंत भरून घेतलं, त्यात निर्देशक घालून घेतला. पाणी दारूसारखं लाल झालं.

"आता एकेक थेंब. हलवा. अहो, हलवा म्हणजे भिजवा नव्हे, गोल फिरवा मनगटातून. हां. आणखी एक."

"किती घालू?"

"लाल आहे तोवर घालायचं आणि मोजायचं. निळं झालं की थांबायचं."

"आणि नाही झालं तर?"

"होतंच. बाटली खरी असेल तर होतंच."

एकोणतिसाव्या थेंबाला पाणी जांभळं झालं, अडतिसाव्याला निळं. तीनशे ऐंशी. मोरेश्वरने छप्पन्नाव्या वर्षी अकरावीचा प्रयोग पुरा केल्याच्या आनंदात तिच्याकडे पाहिलं. तिची उजवी मूठ मांडीवर होती आणि मनगट अगदी किंचित, जेमतेम, गोल फिरायला बघत होतं.

*

१६ सप्टेंबर, रविवार. पीएच ७.८. कठीणपणा ३८०. बुडबुडे: चालू. हात:

हा रकाना त्याने त्या दिवशी तिरक्या, धावत्या अक्षरात भरला आहे.

तो टॉवेल आणायला आत गेला होता. परत आला तेव्हा अहिल्या म्हणाली, "इकडे या जरा." एरवी ती 'इकडे या' असं मऊ आवाजात म्हणत नसे. फेसाळत्या पाण्यातून तिने डावा हात वर आणला आणि त्याच्या तळव्यावर उजवा. उघडा. पाच बोटं, अंगठा बाहेर. दोन-तीन सेकंद. मग बोटं एकामागून एक आत वळली आणि हात पाण्यात गेला.

मोरेश्वरने लगेच न्यू जर्सीला फोन लावला. त्यांची मुलगी राधिका तिथे आयसेलिनजवळ राहत होती.

"आईचा हात उघडला."

"ओ माय गॉड. बाबा, आर यू शुअर?"

"अगं, डोळ्यांनी बघितला. पाचच्या पाच बोटं."

"फोन दे तिला. आई? आई, इज इट ट्रू?"

फोन अहिल्येच्या कानाशी त्याने धरला होता. तिने क्षणभर त्याच्या तोंडाकडे पाहिलं. सहा महिन्यांत ते तोंड असं दिसलं नव्हतं.

"हो गं," ती म्हणाली. "आता ढोकळाच करते बघ. येशील तेव्हा सोडा आण. ती मोठी पिशवी मिळते ना तुमच्याकडे, ती."

*

थेरपिस्टच्या फॉर्मवरचा एक प्रश्न: रुग्णाची बोटं बाहेरच्या मदतीशिवाय उघडतात का? मोरेश्वरने 'हो'वर खूण केली, खाली 'रोज' असं लिहिलं आणि सही केली.

रात्रभर हाताला बांधून बोटं सरळ ठेवणारा स्प्लिंट आला होता. बोटं आपली आपण उघडत नसतील तर तो बांधायचा, नाहीतर आतल्या शिरा आखडत जातात, असं त्या मुलीने समजावलं होतं. उघडत असतील तर थांबून बघायला हरकत नाही. तो प्लॅस्टिकच्या पिशवीतून न काढताच मोरेश्वरने कोटांच्या कपाटात वरच्या फळीवर ठेवला.

"बांधून बघायचा का?" अहिल्या म्हणाली होती.

"कशाला? उघडतोय ना!"



*

आणि पाणी बिघडायला लागलं.

सप्टेंबरच्या शेवटापर्यंत ते ताकासारखं झालं. टबाच्या कडेला पाण्याच्या रेषेवर खरखरीत पांढरा पट्टा आला, पायरीवर आला, पाणी फेकणाऱ्या तोट्यांच्या तोंडाशी दाताच्या किटासारखा आला. मोरेश्वरने टब रिकामा केला, व्हिनेगरने घासला, पुसला, भरला. क्षार बसू न देणारं औषध घातलं. चार दिवसांत पुन्हा ताक.

आकडे तर वेड लावणारे. पीएच सकाळी खाली आणावा तर दुसऱ्या दिवशी वर. अल्कलिनिटी एकशेवीसवर आणून ठेवावी तर आठवड्यात दोनशे चाळीस. बोअरच्या पाण्यात इतकी नव्हती. मग येत होती कुठून?

एका गोष्टीचा मात्र त्याला आनंद होता. "कठीणपणा उतरतोय बघ. ३८०चा ३१० झाला. औषध लागू पडतंय."

टबात गळ्यापर्यंत बसलेल्या अहिल्येने डोळे मिटले. खोटं शिकवणं तिला आयुष्यात जमलं नव्हतं.

"तो पाण्यातून गेला म्हणजे घरातून गेला असं नाही," ती म्हणाली. "विरघळलेला होता तेव्हा दिसत नव्हता. आता खाली बसतोय. पाणी तापलं, खळबळलं, पीएच चढला की कॅल्शियम बाहेर पडतो आणि मिळेल त्या जागी चिकटतो. सगळ्यात आधी, जिथे सगळ्यात गरम असतं तिथे."

"म्हणजे हीटरवर."

"पास झालात."

"पण पीएच चढतोय कशाने, बाई?"

"टॉवेल आणा," ती म्हणाली. "मला थंडी वाजते."

तो टॉवेल आणायला गेला. रोज जायचा. ड्रायरमधला गरम टॉवेल तिला आवडायचा, आणि ड्रायर घराच्या दुसऱ्या टोकाला होता.

*

'हात: उघडला, सोळा मिनिटांनी.'
'हात: उघडला, पंधरा मिनिटांनी.'
'हात: उघडला. ३ सेकंद.'
'हात: उघडला. आज फोटो काढायला हवा होता.'

*

दिवाळीला राधिका आली. ओक ट्री रोडवरच्या देशी दुकानांतून उटणं, मातीच्या पणत्या, आणि सांगितल्याप्रमाणे सोड्याची मोठी पिशवी घेऊन. अहिल्या म्हणाली, "स्ट्रोक आला म्हणून मी पारोशी राहणार नाही. अभ्यंगस्नान करीन तर नीट करीन."

न्हाणीघरातल्या टबात तिला बसवणं उठवणं दोघांनाही जमेना. अंगणातलं गरम पाणी तर तयारच होतं. दोघांनाही त्यात काही वावगं वाटलं नाही. उजाडताना, दव पडलेल्या गवतावर पणती ठेवून, राधिकेने आईच्या अंगाला अर्धी वाटी कोमट खोबरेल चोळलं, मोरेश्वरने पाठीला उटणं लावलं आणि तशीच तिला पाण्यात उतरवली. बुडबुडे सुरू केले तसा फेस फूटभर वर आला. कडेवरून ओघळला. फेसात अहिल्येचं फक्त डोकं दिसत होतं, आणि ती हसत होती.

"आई, यू लुक लाइक अ कपकेक!"

"हात दाखव तिला, हात दाखव," मोरेश्वर म्हणाला.

फेसातून हात वर आला. उघडा. राधिका रडायला लागली. अहिल्येने मान वळवून पणतीकडे पाहिलं.

तेलाने, उटण्याने फिल्टरच्या घड्या भरून गेल्या. मोरेश्वरला त्यावर पांढरा थर दिसला. दोन महिने त्याला सगळीकडे तोच एक शत्रू दिसत होता. त्याने बादलीत पातळ ॲसिड केलं आणि फिल्टर रात्रभर बुडवून ठेवला. सकाळी तो मेणकापडासारखा कडक, पिवळा झाला होता. पाणी ओतलं तर वरूनच निथळायचं.

"आधी तेल काढायचं," अहिल्या म्हणाली, "साबणाने. मग ॲसिड. ॲसिड आधी घातलं की तेल आत पक्कं बसतं. ते मग जन्मात निघत नाही."

"मग काल का नाही बोललीस?"

"तुम्ही काल विचारलं नाहीत."

ती असं कधी बोलत नसे. विचारायची वाट न बघता सांगणं हा तर तिचा स्वभाव. मोरेश्वरला ते खटकलं, आणि फिल्टरच्या नादात विसरायला झालं.

*

डिसेंबरात हीटर गेला. पाणी पंच्याऐंशीच्या वर जाईना. मोरेश्वरने सगळं खोललं तर हीटरच्या गुंडाळीवर अंड्याच्या कवचासारखा थर, बोटाएवढा जाड. आत धातू दिसतच नव्हता. स्क्रूड्रायव्हरने ठोकून त्याने एक तुकडा पाडला आणि बशीत घालून अहिल्येपुढे ठेवला.

"ओळखा," तो म्हणाला.

"कॅल्शियम कार्बोनेट. शंका असेल तर व्हिनेगर घाला."

त्याने घातलं. तुकडा फसफसला. फेस उठला, मावळला. दोघं वाकून बघत होते. एवढा टणक दगड आणि स्वयंपाकघरातल्या आंबट पाण्यात निमूट जातो.

"बघ," मोरेश्वर म्हणाला, "जातो की नाही? चिकाटी पाहिजे." आणि बोलता बोलता त्याने तिची उजवी मूठ हातात घेतली.

"तो दगड आहे हो," ती म्हणाली.

नवा हीटर यायला तीन आठवडे लागले. त्या तीन आठवड्यांत मूठ जास्त घट्ट झाली. तळव्यात नखं रुतायची. रोज संध्याकाळी तो मुठीत कापसाची सुरळी सरकवायला बघायचा, ती दातांनी ओठ दाबायची.

"पाणी सुरू झालं की पुन्हा उघडेल," तो म्हणायचा.

*

जानेवारी २००८. हाताच्या मोठ्या डॉक्टरांची वेळ मिळाली, चार मार्चची. ते स्वतः बघून ठरवणार होते: हातात जीव आहे का, थेरपी वाढवायची का, की सोडून द्यायचं. पण हात उघडायचा तो फक्त घरच्या पाण्यात. डॉक्टरांच्या टेबलावर तो उघडणार नाही, आणि ते म्हणतील नाही उघडत. मोरेश्वरच्या छातीत ही भीती बसली. त्यातून त्याला युक्ती सुचली. व्हिडिओ. कॅमेरा घेऊन शूटिंग करायचं, मूठ मिटलेली असल्यापासून पूर्ण उघडेपर्यंत, न थांबता. पाण्याखालचं सगळं.

त्यासाठी पाणी काचेसारखं हवं.

या कामाला तो असा लागला की जणू हाताचं कामच पाण्यावर अडलं होतं. घराच्या पाइपवर कठीणपणा काढणारं मिठाचं सॉफ्टनर बसवलं. टब रिकामा केला. नळ्यांतून क्षार काढायचं औषध दोन वेळा फिरवलं. तोट्या एकेक काढून लिंबूफुलाच्या पाण्यात ठेवल्या, जुन्या टूथब्रशने घासल्या. नवा फिल्टर. नवं पाणी.

"अगदी शून्य कठीणपणा ठेवू नका," अहिल्या खिडकीतून म्हणाली. "मग पाणी भुकेलं होतं, टबालाच खातं. दीडशे ठेवा. पीएच साडेसात. दर आठवड्याला क्षार धरून ठेवायचं औषध. एवढं केलं तर पुन्हा कधी थर बसणार नाही."

"हे आधी का नाही सांगितलंस?"

खिडकी बंद झाली होती. थंडी होती, म्हणून झाली असेल.

टब तीन आठवडे नुसता चालू ठेवला. पाणी बसू दे, आकडे स्थिर होऊ देत, मगच तू उतर, असं त्यानेच ठरवलं. आणि आकडे पहिल्यांदाच जागचे हलले नाहीत. ७.५. १००. १५०. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तेच. मोरेश्वरला वाटलं, सॉफ्टनर.

*

२३ फेब्रुवारी, शनिवार. पीएच ७.५. अल्कलिनिटी १००. कठीणपणा १५०. तापमान १००. बुडबुडे: बंद.

सकाळचे अकरा. कुंपणाशी बर्फाची वळकटी उरलेली, ऊन लख्ख. टबाच्या तळाचा निळा रंग, पायरीच्या कडा, तळाशी पडलेलं ओकचं एक पान, सगळं दिसत होतं. मोरेश्वरने तिपाईवर कॅमेरा लावला. अहिल्येला धरून पाण्यात उतरवलं, तिचा गाऊन घेतला आणि लांबच्या खुंटीवर अडकवला.

"गाऊन इथेच असू दे. कडेला."

"भिजेल. आणि फ्रेममध्ये येतो."

"टॉवेल?"

"आधीच आणलेत. दोन. इथे आहेत बघ, थर्मासच्या पिशवीत घातलेत, गरम राहतील." स्वतःच्या हुशारीवर तो खूश होता.

"बुडबुडे लावा."

"अगं, मग दिसणार कसं?"

"मला त्याशिवाय बरं वाटत नाही."

"पंधरा मिनिटं. फक्त पंधरा मिनिटं, बाई. हात मांडीवर ठेव. डावा बाजूला घे, डॉक्टरांना वाटायला नको की मदत केली."

तिने डावा हात कडेवर ठेवला. मोरेश्वरने बटण दाबलं, लाल दिवा लागला.

पाण्यात पांढुरकी मूठ. अंगठा आत.

पाच मिनिटं. दहा. तो कॅमेऱ्यामागून हळू आवाजात बोलत होता, विमान उतरवताना बोलावं तसं. "छान. सैल सोड. घाई नाही." सोळा मिनिटं झाली. वीस. वाफ वर जात होती. मुठीवरची कातडी सुरकुतायला लागली होती.

"आज जरा वेळ लागतोय," तो म्हणाला. "तीन आठवडे खंड पडला ना."

"मोरेश्वर," ती म्हणाली.

तेहेतीस वर्षांत तिने त्याला नावाने हाक मारली नव्हती.

तिने डावा हात कडेवरून उचलला, पाण्यात घातला, आणि त्याच्या डोळ्यांदेखत उजव्या मुठीतून अंगठा खेचून बाहेर काढला. मग करंगळी. ती मागे वाकवून डाव्या अंगठ्याखाली दाबली. मग तिच्या शेजारचं. प्रत्येक बोटाला तिचा चेहरा आवळत होता. मधलं. पहिलं. बोटं उलट वळायला बघत होती, तिने ती खालून धरून ठेवली आणि दोन्ही हात वर आणले. उघडा हात. पाच बोटं. दोन सेकंद, तीन. सोडला. मिटला.

पाणी इतकं स्वच्छ होतं की त्याला तिच्या डाव्या हाताच्या बोटांवरचे जुने, नखांचे ओरखडेसुद्धा दिसले.

"हे असं," ती म्हणाली. "रोज."

कॅमेऱ्याचा लाल दिवा चालू होता.

"पाणी?" त्याने विचारलं.

"सोडा. गाऊनच्या खिशात डबी असायची. तुम्ही टॉवेल आणायला गेलात की. बुडबुडे चालू असले की पाच मिनिटांत पांढरं होतं." ती वर्गात सांगावं तसं सांगत होती. "हीटर त्याने गेला. आणि पीएच. तुमचं काही चुकत नव्हतं. तुम्ही सगळं बरोबर करत होतात."

"कशाला पण?"

"एकदा उघडली होती. खरीखुरी, आपली आपण. मला वाटलं पुन्हा उघडेल. तुम्हाला दाखवायची होती. आठवडाभर वाट बघितली. नाही उघडली. मग म्हटलं, एकदाच दाखवू, तोवर येईल. आणि तुम्ही राधिकेला फोन लावलात."

"एकदा कधी?"

"ते नका विचारू."

"कधी, अहिल्या?"

"तुम्ही त्या वेळी काय करत होतात ते आठवत बसाल. मला बाहेर काढा आता."

त्याने तिला बाहेर काढलं. टॉवेल अजून गरम होते.

*

डॉक्टरांनी व्हिडिओ बघितला नाही, कारण मोरेश्वरने तो नेला नव्हता. त्यांनी बोटं ताणून बघितली, मनगट वाकवून बघितलं, अहिल्येला दोनदा सॉरी म्हणाले. फाइलमध्ये मागे गेले. 'रोज' लिहिलेल्या फॉर्मवर त्यांचं बोट थांबलं.

"स्प्लिंट बांधत होता का?"

"नाही," मोरेश्वर म्हणाला.

"सप्टेंबरपासून बांधला असता तर..." डॉक्टर म्हणाले, आणि सभ्य माणूस असल्यामुळे थांबले. आता शिरा आखडल्या होत्या. तळवा धुता यावा म्हणून एक लहान ऑपरेशन करता येईल. हात म्हणून तो परत यायचा नाही.

परतताना गाडीत सिग्नलला अहिल्या म्हणाली, "तुम्ही फॉर्मवर खोटं लिहिलं नव्हतंत."

"तू बोलली असतीस तर मी बांधला असता."

"हो."

"मग?"

"तुमचं तोंड बघवत नव्हतं हो. आधीचं. आणि नंतरचं मोडवत नव्हतं."

हिरवा लागला. मागच्या गाडीने हॉर्न दिला.

*

त्या उन्हाळ्यापर्यंत टब भरलेला होता. अहिल्या त्यात पुन्हा उतरली नाही. मोरेश्वर मात्र अडीचला घरी यायचा, साडेतीनला नळी धुवायचा, पाणी खुणेपर्यंत भरायचा, थेंब मोजायचा. पंधराव्या थेंबाला निळं. दीडशे. आठवड्याच्या आठवड्याला औषध. कडेवर बोट फिरवलं तर काचेसारखी गुळगुळीत. हीटर खोलून बघितला तर नवा कोरा.

"बंद करून टाका ना तो," ती स्वयंपाकघराच्या दारातून म्हणायची.

"असू दे."

"कोण बसणार आहे?"

तो वहीत आकडे लिहायचा. शेवटच्या रकान्याशी आला की पेन थोडा वेळ कागदावर टेकलेला राहायचा, शाईचा ठिपका मोठा व्हायचा. असे ठिपके त्या वहीत चार महिने आहेत. ती काठी टेकत यायची, त्याच्या मागे उभी राहायची, आणि दोघं त्या स्वच्छ पाण्याकडे बघायची. तळापर्यंत सगळं दिसायचं. काहीही नसायचं.

*

९ सप्टेंबर २००७, रविवार, दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी अहिल्येची उजवी मूठ पाण्यात आपली आपण उघडली. मोरेश्वर गॅरेजमध्ये फिल्टर धूत होता.